ओरडण्याच्या वेळा

माझा धंदा माणसं मारण्याचा आहे. गळे चिरलेत, बोटं तोडलीत, एकाला विहिरीत उलटा सोडलाय, एका सासूला तिच्याच केसांनी पंख्याला टांगलंय. भयपट करते मी. लहान, स्वस्त आणि रक्तबंबाळ. दिग्दर्शनही माझं आणि कॅमेराही माझ्याच खांद्यावर. विरारला बोळिंजमधल्या आमच्या सोसायटीत शेजारणी लिफ्टमध्ये विचारतात, "सध्या कोणाला मारताय?" मी म्हणते, "अजून ठरलं नाही. तुमच्या मिस्टरांना वेळ आहे का?" त्या हसतात, पण लिफ्टमध्ये माझ्यापासून जरा लांबच उभ्या राहतात.

काल सकाळी बाल्कनीत चहा घेत होते. समोरच्या दोन टॉवरांच्या मधे भातशेतीची एक पट्टी अजून शिल्लक आहे. बिल्डरचा फलक लागलाय, तरी मालक दरवर्षी पेरतो आणि दसरा झाला की कापतो. यंदाही कापणी उरकली असावी, कारण खालून आवाज आला. धप्. मग थोडं थांबून पुन्हा धप्. मी उरलेला चहा कुंडीत ओतला. नवरा म्हणाला, "अगं, झोडणी चालू झाली वाटतं." मी हो म्हणून आत गेले, बाल्कनीचं सरकतं दार लावून घेतलं, पण तो आवाज काचेतूनही येतो.

ज्यांनी झोडणी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगते. सारवलेल्या खळ्यावर एक लाकडी फळी तिरपी मांडतात. भाताची पेंढी दोन्ही हातांत आवळून धरायची, डोक्यावरून मागे न्यायची आणि सगळ्या अंगाच्या जोरानं फळीवर आपटायची. दाणे उडतात. पेंढीत एकही दाणा राहत नाही तोवर आपटत राहायचं, मग ती फेकून दुसरी उचलायची. लोक या दिवसांना सुगी म्हणतात, त्यावर छान छान लिहितात. सोन्यासारखं पीक वगैरे. मला तो मारहाणीचा महिना वाटतो. वरून ऑक्टोबरचं ऊन टाळकं फोडत असतं, खाली कुसळं अंगभर टोचत असतात आणि दिवसभर कुणीतरी कशाला तरी बडवत असतं.

माणूस मारण्याचा आवाज कसा काढतात ते मला विचारा. कोयता मानेत घुसतो तेव्हाचा आवाज केळीच्या खोडाचा. वसईच्या वाडीतलं ताजं, पाण्यानं फुगलेलं खोड घ्यायचं आणि माइकजवळ त्यात कोयता हाणायचा. खच्च! बोट मोडायचं असेल तर शेवग्याची शेंग. कवटी फुटायला शहाळं चालत नाही, नारळच लागतो, तोही थोडं पाणी उरलेला. रक्त बीट, गुळाचा पाक आणि चिमूटभर कॉफीचं. दिसतं अगदी खरं. फक्त दुपारी त्याला मुंगळे लागतात आणि प्रेत मधेच उठून नाचायला लागतं.

कॅमेरा मी स्वतः का धरते, तेही लोक विचारतात. पहिल्या फिल्मला एक कॅमेरामन होता. गुणी पोरगा. पण घाव पडायच्या क्षणी त्याचा डोळा मिटायचा आणि फ्रेम अर्ध्या इंचानं हलायची. दुसऱ्या फिल्मला दुसरा आणला, तर तो गळा चिरतानासुद्धा मागच्या सूर्यास्ताची काळजी करायचा. तेव्हा ठरवलं, बघणारा डोळा आपलाच पाहिजे. मारणाऱ्याचा हात बघायचा की मार खाणाऱ्याचं तोंड, हे त्या क्षणाला ठरतं. ते दुसऱ्याला समजावून सांगेपर्यंत माणूस मरून जातो.

आणि मी रात्री शूट करत नाही. भुतं रात्रीच येतात ही समजूत शहरातल्या लोकांची. भरदुपारी, सगळं गाव जेवून आडवं झालेलं असताना, पिवळ्या उन्हात एक दार आपोआप लोटलं जातं त्याची भीती मला जास्त वाटते. दुपारी माणसाला लपायला अंधारही नसतो.

म्हणूनच काही वर्षांपूर्वी एक फिल्म ऐन झोडणीत धरली. कळंबच्या किनाऱ्याच्या अलीकडे, समुद्राची हवा येते पण लाटा ऐकू येत नाहीत अशा एका गावात कौलारू घर भाड्यानं मिळालं. घरमालक कुटुंबासकट परदेशी गेलेले. मागे विहीर, बाजूला केळी, आणि पुढ्यात हिराकाकींचं खळं. हिराकाकी म्हणजे त्या आळीतली सगळ्यात थोरली बाई. अंगानं वाळलेली, आवाजानं खणखणीत. आसपासच्या बायका भात झोडायला तिच्याच खळ्यावर यायच्या. आमच्या भिंतीला लागून तिच्या पुतण्याचं घर होतं. पुतण्या दिनेश, टेम्पो चालवायचा. त्याची बायको प्रमिला आमच्या युनिटला दुपारचं जेवण करून द्यायची. बोंबलाचं कालवण, तांदळाची भाकरी. तिच्या हातची भाकरी खाऊन आमचा खुनी रोज दुपारी झोपून जायचा.

खुनी म्हणजे मंगेश. विरारला विमा कंपनीत नोकरी, पालीला घाबरतो, पण उंचीला सहा फूट. त्याला गोणपाटाचा मुखवटा घातला की त्याची आईसुद्धा किंचाळेल. त्याच्या हातून मरायला नेहा होती, नालासोपाऱ्याची, नाटकातली मुलगी. ओरडायला तिच्यासारखी दुसरी नाही. आणि सगळी धावपळ करायला माझी सहायक रुपाली, तुळिंजची, जिचं तोंड आणि पाय दोन्ही थांबत नाहीत.

पहिल्याच दिवशी नेहाचा गळा चिरायचा होता. मी कॅमेरा घेतला, मंगेशनं कोयता उचलला, नेहा ओरडली. असं ओरडली की माझ्याच पाठीवर काटा आला. आणि पुढच्या मिनिटाला दार धाडकन उघडून गाव आत आलं. खळ्यावरच्या बायका, दोन म्हातारे, हातात दांडकी, विळे, एकाच्या हातात तर चक्क वल्हं. पुढ्यात काय दिसावं, तर रक्तात न्हालेली पोर आणि तिच्यावर वाकलेला गोणपाटाचा राक्षस. कुणीतरी मंगेशच्या पाठीत दांडकं घातलं. तो कळवळून ओरडला, "अहो काका, मी एलआयसी, मी एलआयसी!" विम्याचा माणूस आहे एवढंच त्याला सुचलं. नेहा उठून हात जोडत होती, गळ्यातून बीट ठिबकत होतं, त्यामुळे लोक आणखीच भडकले. मी कॅमेरा पोटाशी धरून मधे पडले तेव्हा कुठे मारणं थांबलं.

सगळं कळल्यावर हिराकाकी आधी हसली, मग तिनं मला झापलं. "बाय, वरडायचा तं वरड. पन सांगून वरड. हितं काय मानसा नाय रायत?"

तिचं बरोबर होतं. दुसऱ्या दिवसापासून रुपाली सकाळी आळीत फिरून यायची. "काकी, आज अकराला आणि चारला ओरडणार हां." "आजोबा, आज फक्त चारला. पण दोन खून आहेत, टाइम लागेल." बायका हसायच्या, तान्ही मुलं त्या वेळेआधी झोपवून टाकायच्या. चार दिवसांत गाव असं रुळलं की नेहा जीव तोडून "वाचवा, मारतोय, वाचवा" म्हणत असायची आणि खळ्यावर पेंढ्या आपटत राहायच्या. धप्, धप्. एकीचीही मान वर व्हायची नाही. कळंबला कॉटेजमध्ये आलेली पाहुणेमंडळी रस्त्यावर गाडी थांबवून घाबरून विचारायची, तर आमच्या आळीतली पोरं ऐटीत सांगायची, "काय नाय, मर्डर चाललाय."

मला या व्यवस्थेचं फार कौतुक वाटायचं. मुंबईत मित्रमैत्रिणींना फोन करून सांगायचे.

प्रमिला जेवण ठेवायला आली की भांडी घेऊन लगेच जात नसे. माझ्या मागे उभी राहून मॉनिटरकडे बघायची. बोलायची फार कमी. एकदा भाकरी वाढताना तिची बाही मागे सरकली आणि मला मनगट दिसलं. आता मारहाणीचे वळ रंगवणं हा माझा रोजचा उद्योग आहे. ताजा वळ लाल-जांभळा, मग काळा-निळा, मग कडेनं हिरवट, शेवटी पिवळा. माझ्या डबीत हे सगळे रंग क्रमानं लावलेले असतात. त्या मनगटावर ते सगळे एकाच वेळी होते. चार बोटांचे वळ, एकावर एक, जुने आणि नवे.

"काय लागलं गं?"

"कपाटाचा दार लागला," ती म्हणाली आणि बाही खाली केली.

माझ्या प्रत्येक फिल्ममध्ये कुणीतरी असं खोटं बोलतं. ते मीच लिहिते. तरी मी नुसतं मीठ मागितलं.

दोन दिवसांनी ती आपणहून आली. बाकीचे जेवून विहिरीजवळ सावलीला पडले होते. मी ओसरीवर लेन्स पुसत बसले होते. ती उभीच राहिली, पदराचं टोक बोटाला गुंडाळत.

"ताई, तुमची पोरगी सकाली येल सांगून जाते ना, वरडायची?"

"हो. का गं, त्रास होतो?"

"तो येल तो बी आयकतो."

मला कळलं नाही. तिनं मग सगळं सांगितलं, भाजीत काय घातलंय ते सांगावं तसं. दिनेश लग्नापासून मारतो. पण आधी जपून मारायचा. टीव्ही मोठा करून, तोंड दाबून. तीही आवाज करत नसे, आळीत शोभा नको म्हणून. आमचं शूटिंग सुरू झालं आणि त्याला टीव्हीची गरज उरली नाही. रुपाली चारला म्हणाली की हा चारच्या ठोक्याला टेम्पो घेऊन घरी हजर. हल्ली तर नेहाच्या ओरडण्याची वाटही बघत नसे, चार वाजले की याचा हात सुरू.

"आता हात मोकला झालाय त्याचा," प्रमिला म्हणाली. "आदी थांबायचा कंदी तरी. आता थांबत नाय. परवा गला धरला. डोल्यांपुढं सगला काला झाला. मी वरडले, ताई. पयल्यांदा मोठ्यानी वरडले. पन तुमची पोरगी बी वरडत व्हती."

आयुष्यभर लोकांना घाबरवलं, पण भीती म्हणजे काय ते मला त्या दुपारी समजलं. ऊन तसंच होतं. खळ्यावरचं धप् धप् तसंच चालू होतं.

मी लगेच सगळं बोलून टाकलं. पोलिसांत जाऊ, मी येते, आत्ता चल. ती मान हलवत राहिली. पोलीस एकदा येऊन गेले होते. शेजाऱ्यांना विचारलं, तर सगळे म्हणाले, आम्ही काही ऐकलं नाही. हिराकाकीसुद्धा तेच म्हणाली. दिनेश शेवटी तिच्या दिराचा मुलगा. घरचं घरात राहावं.

"मंग आता मी मेले तं काय सांगतील? शूटिंग व्हता, आमाला वाटला शूटिंगच हाय."

"मी शूटिंग बंद करते. आजच."

"बंद नका करू." तिनं पहिल्यांदा माझ्याकडे नीट बघितलं. "सांगा चारला वरडनार. आनि वरडू नका. गप बसा."

मी तिला म्हटलं, तू वेडी आहेस. याचा अर्थ तू मार खाणार, आणि आम्ही तो माहीत असून खाऊ देणार. ती म्हणाली, "मार तं मी खातेच हाय. येकदा सगल्यांच्या कानासमोर खाते." मी भांडले. खरंच भांडले, आवाज चढवून. वेळ आली तर माझी माणसं तिच्या मागच्या दारानं आत शिरतील एवढं मी तिच्याकडून कबूल करून घेतलं. त्यावरही तिची अट होती. "पयल्या आवाजाला आत येऊ नका. खल्यावर आयकू द्या. तुमी आलात तं भायेरचे मानूस आले आसा व्हनार. तुमी उद्या जानार. मला हितंच रायचाय." माझ्या सेटवर कधी थांबायचं ते आजवर मीच ठरवत आले होते. त्या दिवशी ते मला दुसरी बाई सांगत होती, आणि तिला नाही म्हणण्याची माझी हिंमत झाली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी रुपाली नेहमीप्रमाणे फिरून आली. "आज चारला, काकी." हिराकाकी म्हणाली, "वरडा, वरडा. आता तं तुमच्याशिवाय झोडनीला मजा नाय."

दुपारभर आम्ही काहीच केलं नाही. तरी मी नेहाला मेकअप केला, गळ्यावर चीर रंगवली, मंगेशला मुखवटा घालायला लावला. का, ते सांगता येत नाही. हात रिकामे ठेवणं सहन होत नव्हतं. चारच्या आधी टेम्पो आला. ब्रेकचा आवाज, दाराचा आवाज. आम्ही सगळे घरात भिंतीला टेकून उभे होतो, कुणी कुणाकडे बघत नव्हतं. रुपालीनं स्वतःच्या तोंडावर हात दाबून धरला होता.

मग भिंतीपलीकडून पहिला फटका ऐकू आला.

फिल्ममधला मार आणि खरा मार यांचा आवाज एक नसतो. खरा फटका ओला नसतो, बसका असतो. आणि खरी माणसं नेहासारखी लांबलचक ओरडत नाहीत. श्वास पुरत नाही. प्रमिला तुटक ओरडत होती. मधेच भांडी पडली. मग ती मोठ्यानं ओरडली, "काकी! ओ काकी!" एवढं स्पष्ट की कौलांवरचा कावळा उडाला.

मी खिडकीतून खळ्याकडे बघितलं. धप्. धप्. धप्. एकीनंही मान वर केली नाही. एक जण तर शेजारणीला काहीतरी सांगून हसत होती.

आमचं चुकलं होतं. आम्ही गप्प बसलो होतो, पण आम्ही गप्प बसलोय हे त्यांना कसं कळणार? भिंतीआड नेहा काय आणि प्रमिला काय. त्यांच्या लेखी चार वाजले होते, आणि चार वाजता शूटिंगवाल्यांचं ओरडणं असतं. ती आत मरत होती आणि बाहेर सगळं वेळापत्रकाप्रमाणे चाललं होतं.

"बाहेर चला," मी म्हणाले. "सगळे. आहात तसे."

आणि आम्ही गेलो. आम्ही सगळे ओळीनं खळ्याच्या कडेला जाऊन उभे राहिलो, भर उन्हात. रुपाली. माइकवाला. गळा चिरलेली नेहा, छातीपर्यंत लाल. गोणपाटाचा मंगेश, हात खाली सोडलेले. आणि मी, खांद्यावर कॅमेरा, का तर तो तिथं नसला की मला उभं राहता येत नाही. तोंडं मिटून आम्ही त्यांच्यासमोर नुसते उभे राहिलो.

पहिल्यांदा हिराकाकीनं बघितलं. पेंढी डोक्यावर गेलेली होती. तिनं नेहाकडे बघितलं, नेहाच्या मिटलेल्या तोंडाकडे. मग मंगेशकडे. मग माझ्याकडे. पेंढी तशीच वर राहिली. शेजारच्या बाईनं तिला बघितलं आणि तिचेही हात थांबले. मग तिसरीचे. एकेक करत सगळ्या थांबल्या. फळीवर एकही पेंढी पडत नव्हती.

तरी झोडणीचा आवाज येतच होता.

धप्. थोडं थांबून पुन्हा धप्. दिनेशच्या घरातून. ओरडणं आता थांबलं होतं, नुसता तो आवाज उरला होता. सगळ्या बायका हातांत पेंढ्या धरून तो ऐकत होत्या. कुणी विचारलं नाही की हे काय आहे. पुरा एक श्वासभर कुणीही हललं नाही आणि मला वाटलं, संपलं, या परत झोडायला लागणार.

हिराकाकीनं पेंढी टाकली आणि विळा उचलला.

त्यानंतरचं मी नीट बघितलं नाही असं म्हणायला हवं, पण ते खोटं होईल. माझा डोळा आपसूक कॅमेऱ्याला गेला. बायका पुढच्या दारावर पडल्या, मंगेश मुखवट्यासकट वळसा घालून मागच्या दारातून शिरला. दिनेशच्या हातात बांबू होता. त्यानं दारात बघितलं तर रोज भात झोडणाऱ्या बायका, आणि मागे वळून बघितलं तर गोणपाटाचा माणूस. त्याच्या तोंडातून जो आवाज आला, तसा मला कुठल्याही नटाकडून काढून घेता आला नसता. मंगेशनं त्याच्या हातातून बांबू हिसकला. त्या बायकांनी त्याला ओढून अंगणात आणलं आणि बडवलं. दोन्ही हातांनी, डोक्यावरून मागे नेऊन, सगळ्या अंगाच्या जोरानं. त्यांना मारण्याची तेवढी एकच रीत येत होती. त्याचा दात पडला, नाक फुटलं, तो हातापाया पडायला लागला तरी त्या थांबेनात. आणि मला आनंद होत होता. पोटातून, शरम न वाटता. एक बाई त्याच्या पाठीवर लाथ मारताना घसरून पडली तेव्हा मी मनात म्हणाले, उठ, अजून एक मार. मारणाऱ्यांचे हात फ्रेममध्ये होते. त्याचं तोंड दिसावं म्हणून मी एक पाऊल डावीकडेसुद्धा सरकले.

मग नेहा माझ्या कानाशी ओरडली, "ताई, इकडे या, इकडे," आणि मी कॅमेरा जमिनीवर ठेवला.

आजही भयपटच करते मी, नवरा विचारतो तुला कंटाळा कसा येत नाही. ती फिल्म पुरी झाली, बऱ्यापैकी चाललीही. मधल्या काळात दिनेशवर केस झाली, आणि या वेळी पोलिसांनी विचारलं तेव्हा खळ्यावरच्या एकूण एक बाईनं ऐकलं म्हणून सही केली. तो तुरुंगात काही काळ राहिला, आता कुठे असतो ते कुणाला माहीत नाही. घर प्रमिलाकडेच आहे. तिच्या डाव्या दंडात सळी आहे, थंडीत दुखते म्हणते. तालमीत हल्ली एखादी नवी मुलगी ओरडून दाखवते आणि माझ्या तोंडाकडे बघते, बरं झालं का म्हणून. मी छान म्हणते. खरं ओरडणं ऐकायला फार वाईट असतं, ते पडद्यावर चालत नाही, हे तिला कशाला सांगायचं? प्रेक्षक पैसे देऊन येतात. त्यांना दोन तास घाबरायचं असतं आणि दिवे लागले की हसत घरी जायचं असतं. पण झोडणीचे दिवस आले की मी शूटिंग लावत नाही. तब्येतीचं काहीतरी कारण सांगते. आणि काल बाल्कनीचं दार लावून घेतलं तरी मला त्या घरातली जमीन दिसत राहिली.

प्रमिला चुलीशी पडली होती. दंड भलत्याच जागी वाकलेला. तोंडातून रक्त येत होतं, माझ्या बिटाच्या रक्तापेक्षा काळं आणि कितीतरी कमी. श्वास चालू होता. तिच्या डोक्याशी हिराकाकी बसली होती, विळा अजून हातात. बाहेरून दिनेशचं विव्हळणं ऐकू येत होतं. रुपालीनं पाणी आणलं, ते प्रमिलानं घेतलं नाही. तिनं फक्त मान वळवली.

"काकी, आयकलास?"

हिराकाकीनं विळा खाली ठेवला. त्या खणखणीत बाईचा आवाज मला ऐकू येईना, पुढे वाकावं लागलं.

"आमी रोजच आयकत व्हतो, पोरी. शूटिंगच्या आदीपासून."

मला वाटलं, आता प्रमिला खचून जाईल. एवढा मार खाऊन हे ऐकायचं.

प्रमिलानं डोळे मिटले. "मला म्हाईत हाय, काकी," ती म्हणाली. "म्हनून तं या शूटिंगवाल्यांना गप बसवला."